सरकारान केल्यान

बालवाडीतल्या मुलांना एक मोठी वाईट खोड असते. प्रश्न विचारल्यावर ती उत्तराची वाट पाहतात. मोठी माणसे प्रश्न विचारतात, सुस्कारा सोडतात आणि आपल्या कामाला लागतात. मुले मात्र उत्तर मिळेपर्यंत आपल्या तोंडाकडे बघत राहतात. वीस-बावीस वर्षे मी या नजरेखाली उभी आहे, पण अजून तिची सवय झालेली नाही.

आठ-नऊ वर्षांपूर्वीची गोष्ट. पावसाचे दिवस होते, बाहेर सोडण्याची सोय नव्हती. मुलांना गप्प बसवावे म्हणून मी कोणाचा तरी मोबाइल मागून आणला आणि त्यावर 'एक अनेक और एकता' हा छोटा चित्रपट लावला. सात-आठ मिनिटांचा, चित्रांचा. बागेतली मुले आपल्या ताईला 'एक' म्हणजे काय आणि 'अनेक' म्हणजे काय ते विचारतात, आणि ताई त्यांना जाळ्यात सापडलेल्या पाखरांची गोष्ट सांगते. पाखरे एकदम उडतात, जाळे घेऊन उडतात, आणि उंदीर ते जाळे कुरतडून त्यांना मोकळे करतात. मुलांनी तो तीनदा पाहिला. चौथ्यांदा लावायच्या आधी एक पोर उठून उभे राहिले आणि म्हणाले, "बाई, ह्यां कोणी केल्यान?"

मी क्षणभर गप्प राहिले. मग म्हटले, "सरकारान."

पोराचे समाधान झाले नाही. सरकार चित्रे कशी काढील, असे त्याच्या चेहऱ्यावर स्पष्ट लिहिलेले होते. पण मी घाईघाईने चौथ्यांदा फिल्म लावली आणि त्याला खाली बसवले.

उत्तर अगदीच खोटे होते असे नाही. चित्रपट सरकारी पैशानेच झालेला होता. पण तो जुवळेकरणीचे वडे कोणी केले असे विचारल्यावर "चुलीने" म्हणून सांगावे, त्यातला प्रकार होता. आणि खरी गोष्ट अशी, की मला उत्तर ठाऊक नव्हते. ते कधी जाणून घ्यावे असे मनातही आले नव्हते.

वास्तविक तो चित्रपट मी त्या मुलांएवढी असल्यापासून पाहत होते. आमच्या वाडीत तेव्हा एकच टीव्ही होता, काळापांढरा, पुढे लाकडी शटर असलेला. त्याचा ॲन्टेना एका उंच बांबूला बांधून माडाच्या बुंध्याशी आवळलेला असे. वारा सुटला की पडद्यावर मुंग्या येत. मग घरातला एखादा मुलगा बाहेर जाऊन बांबू फिरवी आणि आम्ही खिडकीतून ओरडत असू, "इला, इला! नाय, गेला!" अशा इल्या-गेल्याच्या खेळात दोन कार्यक्रमांच्या मधल्या वेळेत कधीतरी ती पाखरे येत. आम्हांला हिंदी येत नव्हते. पण 'एक' आणि 'अनेक' हे दोन्ही शब्द आमच्याच पुस्तकातले होते. एकवचन आणि अनेकवचन मला शाळेने शिकवले असे मी समजत होते. खरे म्हणजे ते मला त्या पाखरांनी शिकवले.

वडिलांना असल्या चित्रपटांचे मुळीच कौतुक नव्हते. ते तरुणपणी मालवणला जाऊन सिनेमा पाहत. मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट किंवा वार्तापट दाखवणे त्या काळी चित्रगृहांना सक्तीचे होते. १९४८ साली स्थापन झालेल्या त्या सरकारी संस्थेने धरणे, शेती, रोगराई, नाच, मंदिरे अशा हजारो विषयांवर चित्रपट काढले. वडील म्हणत, तेवढ्यात एक बिडी ओढून होत असे. बिडी संपली की आत जायचे. देशातल्या किती माणसांनी किती बिड्या अशा ओढल्या असतील! आणि ज्यांनी ते चित्रपट केले त्यांची नावे कोणत्या रिकाम्या खुर्च्यांपुढून सरकत गेली असतील!

मे २०१९ मध्ये, सुट्टीच्या दिवसांत, गावातल्या वाचनालयात मी वर्तमानपत्र चाळत बसले होते. बाहेर फणस पिकल्याचा वास दाटला होता. आतल्या पानावर एक छोटी बातमी होती. माहितीपटकार आणि शिक्षणतज्ज्ञ विजया मुळे यांचे दिल्लीत वयाच्या अठ्ठ्याण्णवाव्या वर्षी निधन. खाली लिहिले होते, 'एक अनेक और एकता'च्या दिग्दर्शिका.

मी ती ओळ दोनदा वाचली. मुळे! म्हणजे मराठी बाई. सरकार नव्हे, विजयाबाई. आणि त्या इतकी वर्षे जिवंत होत्या. मी "सरकारान" म्हणून सांगितले त्या दिवशीही त्या दिल्लीत कुठेतरी चहा घेत बसल्या असतील. एखादे पत्र टाकले असते तर त्या पोराचा प्रश्न त्यांच्यापर्यंत पोचला असता.

तेव्हापासून त्यांच्याविषयी मिळेल ते मी वाचत गेले. वाचता वाचता मनात एक हिशेब सुरू झाला. तो त्यांच्या आयुष्याचा होता तितकाच माझ्याही.

विजयाबाईंचा जन्म १६ मे १९२१ रोजी मुंबईत झाला. लग्न लवकर झाले आणि १९४० मध्ये त्या पतीबरोबर पाटण्याला गेल्या. मुंबईची मुलगी, परका मुलूख, घरातल्या बायांनी घरातच असावे अशी तिथली रीत. पण पाटणा विद्यापीठात एक सोय होती. बायकांना कॉलेजात न जाता, घरी अभ्यास करून, बाहेरून परीक्षेला बसता येई. विजयाबाई बसल्या आणि पदवीधर झाल्या. पुढे १९४६ मध्ये सरकारी शिष्यवृत्ती मिळवून त्या इंग्लंडात लीड्स विद्यापीठात शिक्षणशास्त्र शिकायला गेल्या. तिथे त्यांना फिल्म सोसायटी भेटली. देशोदेशीचे चांगले चित्रपट मिळवावेत, थोड्या माणसांनी एकत्र बसून ते पाहावेत आणि मग त्यांवर बोलावे, एवढाच तो उद्योग. पण त्या उद्योगाने त्यांना कायमचे धरले.

परत आल्यावर पाटण्यात फिल्म सोसायटी उभी करण्यात त्यांचा हात होता. पुढे केंद्र सरकारच्या शिक्षण खात्याच्या नोकरीत त्या दिल्लीला आल्या, तर तिथेही तेच. १९५९ साली देशभरच्या अशा सोसायट्यांचा महासंघ स्थापन झाला. सत्यजित राय त्याचे अध्यक्ष आणि विजयाबाई सहचिटणीस. दिवसा सरकारी कचेरी आणि संध्याकाळी सिनेमा, असे त्यांचे दिवस गेले असावेत. त्यानंतर सेन्सॉर बोर्डाच्या नोकरीत मुंबई आणि मग कलकत्ता. म्हणजे इतरांनी केलेले चित्रपट दाखवणे आणि इतरांनी केलेले चित्रपट तपासणे यांत त्यांचे अर्धे आयुष्य गेले. स्वतःचा एकही चित्रपट नाही.

पहिला चित्रपट त्यांनी केला तो कलकत्त्यात, १९६७च्या सुमारास. म्हणजे त्या शेहेचाळीस वर्षांच्या होत्या.

हा आकडा वाचला तेव्हा मी वाचनालयातल्या बाकावर जरा सरसावून बसले. मी तेव्हा चाळिशीच्या उंबरठ्यावर होते, आणि आता सगळे झाले, असे बायका ज्या वयात म्हणू लागतात त्या वयात मीही ते म्हणायला लागले होते.

त्या पहिल्या माहितीपटाचे नाव 'द टायडल बोअर'. विषय हुगळी नदीत उलटे शिरणारे पाणी. आम्हा खाडीकाठच्या माणसांना हे समजावून सांगायला नको. अमावास्या-पौर्णिमेला उधाणाची भरती येते आणि समुद्र आचऱ्याच्या खाडीत कुठवर चढतो ते आम्ही रोज पाहतो. पण आमच्या खाडीत पाणी सावकाश चढते. हुगळीचे मुख नरसाळ्यासारखे आहे, समुद्राकडे रुंद आणि आत जावे तसे अरुंद व उथळ. मोठ्या उधाणाचे पाणी त्या नरसाळ्यात कोंडते, त्याची भिंत उभी राहते आणि ती भिंत नदीच्या प्रवाहाविरुद्ध वर धावत जाते. होड्या सांभाळाव्या लागतात, घाटावरची माणसे पळतात. खालून वर वाहणारी नदी. पहिल्या चित्रपटासाठी बाईंनी कोणी पुढारी निवडला नाही की कोणते मंदिर. निवडले ते पाणी. मला तो विषय त्यांच्या स्वतःच्या आयुष्याला शोभणारा वाटतो. ज्या वयात प्रवाह नुसता उताराला लागतो, त्या वयात त्यांचे पाणी उलटे चढू लागले. पण हा माझा कोकणी विचार झाला. त्यांना तो सुचला असेलच असे नाही.

'एक अनेक और एकता' आला तो १९७४ साली. बाई त्रेपन्न वर्षांच्या. चित्रे भीमसेन यांची. पुढे 'घरौंदा' चित्रपट काढला तेच हे भीमसेन. गीत पंडित विनयचंद्र मौद्गल्य यांचे. आणि संगीत कोणाचे म्हणावे? वसंत देसाई यांचे! सोनवड्यात जन्मलेले, कुडाळात वाढलेले, आमच्याच मुलखातले. ज्यांनी दिलेल्या चाली देशभरच्या शाळा सकाळी प्रार्थना म्हणून म्हणतात, शेकडो शाळकरी मुलांना एका सुरात गायला लावण्याचा ज्यांना ध्यास होता, ते वसंतराव. गाणारी मुलगी होती लहानगी साधना सरगम, तीही मूळची रत्नागिरी जिल्ह्यातल्या दाभोळची. मी लहानपणी जे हिंदीतले, दिल्लीहून आलेले म्हणून तोंड उघडे टाकून ऐकत होते, त्यात अर्धा अधिक कोकण होता. आणि मला पत्ता नव्हता. वसंतराव पुढच्याच वर्षी, डिसेंबर १९७५ मध्ये, लिफ्टच्या अपघातात गेले.

त्या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट शैक्षणिक चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्याच सुमारास आपल्या देशात एक अचाट प्रयोग झाला. १ ऑगस्ट १९७५ पासून एक वर्ष, अमेरिकेच्या उपग्रहाच्या मदतीने, सहा राज्यांतल्या २४०० खेड्यांत टीव्हीचे कार्यक्रम पोचवण्यात आले. जिथे रस्ता पोचला नव्हता तिथे चित्र पोचले. त्या प्रयोगात खेड्यातल्या शाळकरी मुलांसाठी चित्रपट करण्याचे काम विजयाबाईंकडे होते. २००२ साली मुंबईच्या माहितीपट महोत्सवात त्यांना व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार मिळाला. तेव्हा त्या ऐंशी ओलांडून गेल्या होत्या. आणि परदेशी चित्रपटांनी विसाव्या शतकात भारत कसा दाखवला, यावरचा त्यांचा जाडजूड इंग्रजी ग्रंथ २०१० मध्ये निघाला. तेव्हा वय एकोणनव्वद!

पुरस्कारांच्या या यादीपुढे मी बराच वेळ विचार करीत बसते. पुरस्कार मोठे आहेतच. पण मला वाटते, बाईंना मिळालेला खरा बहुमान निराळाच आहे, आणि तो जरा कठोर आहे. त्यांचा चित्रपट इतका सर्वांचा झाला, की तो कोणाचा हे विचारायचेच लोक विसरले. ओवी कोणाची, हे जात्यावर बसलेली बाई विचारत नाही, तसे. शाळामास्तराच्या वाट्याला हेच येते. अक्षर राहते, गिरवून घेणारा हात पुसला जातो. 'अ' मला कोणी शिकवला? मला आठवत नाही. कोणीतरी शिकवला खास, कारण मी लिहिते आहे. विजयाबाई जन्मभर मुळात शिक्षिकाच होत्या, फक्त त्यांची पाटी पांढरी होती आणि अंधारात टांगलेली होती.

हे सगळे मी शांतपणे लिहीत आहे. पण त्या वेळी मनाला शांतता नव्हती. माझ्या नावावर तीन कादंबऱ्या आहेत. पहिलीच्या शिल्लक प्रती अजून आमच्या माळ्यावर आहेत आणि दर पावसाळ्याआधी मी त्यांना ऊन देते. पुस्तकावर माझे नाव आहे म्हणून मी किती सुखावले होते! आणि एखाद्या लग्नात माझ्याच बालवाडीतून गेलेला, आता मुंबईला नोकरी करणारा मुलगा "तुमी खंयच्या?" म्हणून विचारतो तेव्हा मी किती दुखावते! नावाची ही भूक मला ठाऊक आहे. म्हणूनच नाव पुसले जाण्यातला मोठेपणा मी दुसऱ्याच्या बाबतीत झटकन मान्य करते. स्वतःच्या बाबतीत तो मला अजून पचलेला नाही.

आणि आणखी एक गोष्ट होती, ती मी घरातही बोलले नव्हते. माझे शिक्षण मॅट्रिकवर थांबलेले. आमच्याकडे दहावीला अजून मॅट्रिकच म्हणतात. त्या वर्षी वडिलांचे आजारपण निघाले, धाकटी भावंडे होती, मी थांबले. आमच्या वेळी बालवाडीवर मॅट्रिक चालत असे. आता मुलींना बारावी विचारतात. बाहेरून परीक्षेला बसायचा सतरा नंबरचा फॉर्म मी आयुष्यात तीनदा आणला. एकदा पेटीत ठेवला तो कसरीने खाल्ला. एकदा मुदत गेली. एकदा भरून झाला आणि मग लाज वाटली. बाई म्हणून जिला गाव हाक मारतो, तिने आपल्याच विद्यार्थ्यांच्या शेजारी बसून पेपर लिहायचा? लेखिका म्हणून जिचे नाव छापून येते, तिला मराठीत किती गुण पडले हे गावाने विचारायचे? पाटण्याच्या त्या तरुण सुनेला ही लाज वाटली असेल का? की घरातले काम उरकून, कंदिलाखाली पुस्तक उघडताना तिला लाजायला सवडच नव्हती?

नंतर आमच्या गावची गावपळण आली. दर तीन-चार वर्षांनी रामेश्वराचा कौल होतो आणि सगळा आचरा गाव तीन दिवस, तीन रात्री वेशीबाहेर जाऊन राहतो. नौबत झडली की निघायचे. माणसे, गुरे, कोंबड्या, कुत्री, मांजरे. मागे कोणी राहायचे नाही. गरीब-श्रीमंत, हे देवस्थानचे नि ते दुसऱ्या धर्माचे, सगळेच निघतात. झापांच्या झोपड्या उभ्या राहतात, तीन दगडांच्या चुली पेटतात आणि रात्री भजनांना नि गजालींना ऊत येतो. मागे वळून पाहिले तर गावात एकही दिवा नसतो.

दुसऱ्या रात्री वाडीतली पोरे माझ्या झोपडीपुढे गोळा झाली. "बाई, गोष्ट सांगा." मोबाइलला तिथे रेंज नव्हती. मी पाखरांची गोष्ट तोंडीच सांगितली. शिकारी आला, दाणे टाकले, जाळे पडले. एकेकटे धडपडून काही होईना. मग सगळी एकदम उडाली, जाळ्यासकट. सांगता सांगता माझेच मला हसू आले. आम्ही तरी दुसरे काय केले होते? आदल्या दिवशी दुपारी आख्खा गाव, आपापले जाळे, म्हणजे टोपल्या, वळकट्या, म्हाताऱ्या आया आणि करडे घेऊन, एकदम उठून आलेला होता.

गोष्ट संपली. कोणीतरी विचारणार हे मला ठाऊक होते, आणि एका मुलीने विचारलेच, "ही गोष्ट कोणाची?"

या वेळी मी तयार होते. म्हटले, "गोष्ट फार जुनी, पंचतंत्रातली. पण तिची फिल्म केली विजयाबाई मुळे यांनी. चित्रे काढली भीमसेननी. गाणे लिहिले मौद्गल्य पंडितांनी. चाल दिली आपल्या कुडाळच्या वसंत देसाईंनी. आणि गायली ती दाभोळची साधना, तुझ्याएवढीच होती तेव्हा."

मुलीने बोटे मोजली. "पाच जणांनी?"

"आणखीही असतील. मला पाच ठाऊक."

ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "आणि तुमी माका सांगितल्यात. म्हणजे सव."

मी काही बोलले नाही. चुलीतले लाकूड पुढे सरकवले. पोरे दुसऱ्या गोष्टीसाठी गलका करू लागली होती.

चौथ्या दिवशी कौल झाला आणि आम्ही परत फिरलो. बंद घर उघडले की आत एक कुंद वास असतो. खिडक्या उघडल्या, खळे झाडले, गुरांना पाणी दाखवले आणि मग पेटी उघडून चौथ्या खेपेचा सतरा नंबरचा फॉर्म बाहेर काढला. त्यात एक रकाना आहे, 'शिक्षण सोडल्याचे कारण'. मागच्या तिन्ही वेळा मी तिथे सविस्तर लिहीत बसले होते. या वेळी 'घरगुती' एवढाच शब्द लिहिला आणि पुढच्या रकान्यात, नीट, सावकाश, माझे पूर्ण नाव घातले.